टॅपेट कव्हरखालचं बूच

जुनी गाडी बाळगली की पार्किंगच्या फरशीवर एक काळा डाग येतो, आणि डागामागोमाग सल्ले येतात. "ऑइल गळतंय? इंजिन गेलं समजा." "काढून टाका हो, आता काय येणारेत तिचे!" "अजून चालवता? कमाल आहे." सल्ला देणाऱ्यांपैकी कोणीही बॉनेट उघडून बघितलेलं नसतं. खरं तर बऱ्याचदा इंजिन ठणठणीत असतं. त्याच्या डोक्यावर एक झाकण असतं, पुस्तकात त्याला व्हॉल्व्ह कव्हर किंवा रॉकर कव्हर म्हणतात, आपल्याकडे सगळे मेकॅनिक 'टॅपेट कव्हर' म्हणतात. त्या झाकणाखालचं पॅकिंग म्हातारं झालेलं असतं, बास. पॅकिंग म्हणजे गॅसकेट. दोन धातूंच्या मधे बसणारी, झाकणाच्या आकाराची एक चौकट. पुण्यात नाना पेठेत गेलात तर दोनशे रुपयांच्या आत मिळते.

आमच्या घरी १९८० च्या दशकातली एक गाडी आहे. कुठल्या कंपनीची ते सांगत नाही, कारण चाळीस वर्षांनी रबर कडक होण्यात कंपनीचा काय दोष? गेल्या महिन्यात तिचं हे पॅकिंग बदलायचं ठरवलं. एका विकांताचं काम. पण पॅकिंग हातात आलं तेव्हा ते बुचाचं निघालं. बारीक बारीक तपकिरी कण चिकटवून केलेलं, बाटलीच्या बुचासारखं. मग डोक्यात किडा शिरला. इंजिन लोखंडाचं, झाकण पत्र्याचं, आत उकळतं तेल, आणि हे सगळं अडवायला झाडाची साल? कोणाला सुचलं असेल हे? पुढचे तीन विकांत त्या वाचनात गेले. त्यातून जे हाती लागलं ते इथे लिहून ठेवतोय.

सुरुवात अशा काळापासून करू जेव्हा झाकणच नव्हतं.

इंजिनात हवा आत येते आणि धूर बाहेर जातो तो व्हॉल्व्हमधून. हे व्हॉल्व्ह मिनिटाला शेकडो वेळा उघडझाप करतात, आणि त्यांना ढकलणारे दांडे, आस, स्प्रिंगा या सगळ्याला वंगण लागतं. आज आपल्याला वाटतं की हे सगळं झाकलेलंच असणार. पण १९०४ ची ब्यूक मॉडेल बी, डोक्यावर व्हॉल्व्ह असलेलं इंजिन घेऊन आलेल्या पहिल्या काही गाड्यांपैकी एक, किंवा तिच्यानंतर १९०८ मध्ये आलेली मॉडेल १० यांचे फोटो बघा. रॉकर आणि पुशरॉड सरळ उघड्यावर नाचतायत. फोर्डची मॉडेल टी १९०८ ची. तिचे व्हॉल्व्ह डोक्यावर नव्हते, बाजूला होते, पण सुरुवातीच्या मॉडेल टीमध्ये तेही उघडेच. ड्रायव्हरने निघण्याआधी कुपीतून चार थेंब तेल सोडायचं, वाटेत पुन्हा सोडायचं. ते तेल खाली गळायचं, रस्त्यावर पडायचं आणि संपायचं. गळती हा दोष नव्हताच, तेल घालण्याची तीच पद्धत होती! शिवणयंत्राला तेल देतो तसंच.

हे का बदललं? मुख्य कारण धूळ. तेव्हाचे रस्ते मातीचे. तेलात धूळ कालवली की जो लेप तयार होतो त्याने धातू घासला जातो, पॉलिशपेपरने घासल्यासारखा. दुसरं कारण आवाज. आणि तिसरं म्हणजे इंजिनांचा वेग वाढत गेला. कुपीतले चार थेंब पुरेनासे झाले, तेल पंपाने वर चढवायचं आणि परत खालच्या टाकीत गोळा करायचं अशी व्यवस्था आली. एकदा तेल गोल फिरायला लागलं की त्याला घर हवं. १९११ च्या सुमारास मॉडेल टीच्या व्हॉल्व्हना पत्र्याची दारं लागली. पुढच्या दहा-पंधरा वर्षांत डोक्यावर व्हॉल्व्ह असणाऱ्या इंजिनांनाही टोप्या आल्या.

इथे एक मुद्दा लक्षात घेण्यासारखा आहे. ही टोपी उघडण्यासाठीच बनवलेली होती. व्हॉल्व्ह आणि त्याला ढकलणारा रॉकर यांच्यामध्ये एक बारीक फट ठेवावी लागते, कारण तापल्यावर धातू लांबतो. ही फट मिलिमीटरच्या दहाव्या-विसाव्या भागात मोजायची. वापराने ती बदलते, म्हणून दर काही हजार किलोमीटरनी झाकण काढून, पट्ट्यापट्ट्यांचं फिलर गेज घालून ती पुन्हा नीट करायची. यालाच 'टॅपेट सेटिंग'. म्हणजे टॅपेट कव्हर हे दार आहे आणि पॅकिंग हा दाराचा उंबरठा. वेल्डिंग करून बंद केलं असतं तर एक थेंब गळला नसता, पण मग ते दार राहिलं नसतं. आमच्या क्षेत्रातल्या लोकांना हे लगेच कळेल. जिथे इंटरफेस, तिथे गळती. :)

आता या उंबरठ्याला काय लावायचं? झाकण पत्र्याचं, ठोकून आकार दिलेलं, त्यामुळे त्याची कड कधीच शंभर टक्के सपाट नसते. नट घट्ट आवळले तर पत्रा वाकतो. म्हणजे थोड्या दाबात दबणारं, खाचखळग्यांत शिरणारं आणि तेलाला न घाबरणारं काहीतरी हवं. रबर आठवतं, पण त्या काळी रबर म्हणजे झाडाच्या चिकाचं नैसर्गिक रबर, आणि ते खनिज तेलात फुगतं, लिबलिबीत होतं. चामडं, जाड कागद, नमदा यांची त्या काळी पॅकिंगं होत, पण कमी दाबात, वेड्यावाकड्या कडांवर बूच भारी ठरलं.

बुचाची रचनाच तशी आहे. १६६५ साली लंडनमध्ये रॉबर्ट हुक यांनी सूक्ष्मदर्शकाखाली बुचाचा पातळ काप ठेवला आणि त्यांना मधमाश्यांच्या पोळ्यासारखी कप्प्यांची रांग दिसली. त्यांनी त्या कप्प्यांना 'सेल' म्हटलं. शाळेत आपण शिकलेली 'पेशी' ती हीच, जीवशास्त्रातली पहिली पेशी बुचाची! हुक साहेबांनी हिशोबही मांडला होता: एका घन इंचात १२० कोटींहून जास्त कप्पे. प्रत्येक कप्पा बंद आणि हवेने भरलेला, भिंतींवर मेणासारखा थर. त्यामुळे पाणी आणि तेल सहजी आरपार जात नाही. दाबलं की हवा दबते, सोडलं की कप्पा पुन्हा फुलतो. आणि सगळ्यात मजेची गोष्ट म्हणजे रबर वरून दाबलं तर बाजूंनी फुगतं, बूच जवळपास फुगत नाही. ते आतल्या आत दबतं. बाटलीत बूच दाबून बसवता येतं ते याच गुणामुळे, आणि झाकणाखालून ते बाहेर ओघळत नाही तेही याचमुळे.

हे बूच येतं कुठून? पुणेकरांच्या डोळ्यांसमोर लगेच बुचाचं झाड येईल. रस्त्याकडेची ती उंच झाडं, लांब देठांची पांढरी फुलं, पहाटे खाली पडलेला सडा आणि दोऱ्याशिवाय गुंफलेल्या वेण्या. ते झाड मूळचं ब्रह्मदेशाकडचं. त्याची साल खऱ्या बुचाऐवजी वापरून बघितली गेली, म्हणून त्याला हे नाव चिकटलं, पण त्या सालीचा दर्जा हलका. खरं बूच म्हणजे एका प्रकारच्या ओक झाडाची साल. हा ओक भूमध्य समुद्राच्या पश्चिमेकडचा. जगातलं जवळपास निम्मं बूच एकट्या पोर्तुगालमध्ये निघतं.

त्याची शेती वाचली तेव्हा मी अवाक झालो. झाड लावल्यावर पहिली साल काढायला साधारण पंचवीस वर्षं थांबायचं. मग दर नऊ वर्षांनी एकदा. साल काढली की खोडावर त्या वर्षाचा शेवटचा आकडा रंगवून ठेवतात, म्हणजे पुढच्या पाळीला गोंधळ नको. झाड तोडत नाहीत, परवानगीशिवाय ते तोडणं पोर्तुगालमध्ये गुन्हा आहे. पहिल्या दोन वेळची साल ओबडधोबड असते, दारूच्या बाटलीला चालत नाही. बाटलीच्या बुचाला तिसरी साल लागते, म्हणजे लावणाऱ्याचं वय उतरणीला लागल्यावर. मग पहिल्या दोन सालींचं आणि बुचं कापून उरलेल्या तुकड्यांचं काय करायचं? त्यांचा भुगा करून, चिकटवून, तक्ते पाडायचे. ही युक्ती एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस वापरात आली, नेमकी मोटारगाडीच्या जन्माच्या वेळी. गॅसकेट याच तक्त्यांतून कापली जातात. म्हणजे वाइनच्या धंद्याला नको असलेला माल मोटारीच्या धंद्याला मिळाला.

आता पुढचा भाग युद्धाचा आहे. दुसऱ्या महायुद्धात अटलांटिक समुद्रात जर्मन पाणबुड्या फिरायला लागल्यावर अमेरिकेच्या लक्षात आलं की आपल्याकडे बूच पिकतच नाही. विमानं, रणगाडे, जहाजं, सगळ्यांच्या इंजिनांत बुचाचं पॅकिंग. १९४१ मध्ये अमेरिकन सरकारने बुचाच्या वापरावर निर्बंध घातले. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये बाल्टिमोरला एका मोठ्या बूच कंपनीच्या साठ्याला प्रचंड आग लागली. त्या कंपनीचे प्रमुख चार्ल्स मॅकमॅनस यांनी मग कॅलिफोर्निया आणि इतर राज्यांत बुचाचे ओक लावायची मोहीम काढली, लोकांना बिया आणि रोपं वाटली. पण झाड पंचवीस वर्षं मागतं, युद्ध चार वर्षांत संपलं.

तोपर्यंत रसायनशास्त्रज्ञांनी दुसरी वाट शोधली होती. ड्यू पाँट कंपनीने १९३१ मध्ये तेलाला दाद न देणारं कृत्रिम रबर जाहीर केलं, जे पुढे निओप्रीन म्हणून प्रसिद्ध झालं. त्याच दशकात जर्मनीत नायट्राइल रबर आलं. युद्धात हे कारखाने वाढले आणि युद्धानंतर हे रबर स्वस्त झालं. काहींनी बुचाचा भुगा आणि हे रबर एकत्र करून दोन्हींचे गुण मिळवले. तरीही साध्या बुचाचं पॅकिंग पुढे कित्येक वर्षं टिकून राहिलं, कारण ते स्वस्त होतं आणि नुसत्या कात्रीने कापता येत होतं.

कात्रीने कापता येणं ही गोष्ट आपल्या देशात फार महत्त्वाची ठरली.

मुंबईत शिवडीला जनरल मोटर्सने १९२८ मध्ये गाड्या जुळवायचा कारखाना काढला. सुटे भाग बाहेरून यायचे, इथे जोडायचे. स्वातंत्र्यानंतर सरकारने सांगितलं की नुसती जुळवाजुळव चालणार नाही, भाग इथेच बनवा. १९५४ मध्ये जनरल मोटर्स आणि फोर्ड दोघांनीही इथलं काम आवरलं. जे राहिले त्यात सोलापूरचे वालचंद हिराचंद यांनी १९४४ मध्ये स्थापन केलेली प्रीमियर ऑटोमोबाइल्स होती. वालचंद म्हणजे जहाज, विमान आणि मोटार या तिन्हींचे कारखाने या देशात काढायचा ध्यास घेतलेला माणूस. ते १९५३ मध्ये गेले. पुढच्याच वर्षी त्यांच्या कुर्ल्याच्या कारखान्याची फियाट ११०० रस्त्यावर आली, जिला मुंबईने 'डुक्कर फियाट' हे प्रेमळ नाव दिलं. तिचीच पुढची पिढी १९७४ पासून 'प्रीमियर पद्मिनी' झाली. १०८९ सीसीचं, पुशरॉडवालं इंजिन. वर टॅपेट कव्हर, खाली पॅकिंग.

हे इंजिन मूळ इटलीत १९३० च्या दशकात आखलेल्या घराण्यातलं. युरोपात ते केव्हाच मागे पडलं, इथे ते २००० च्या सुमारापर्यंत बनत राहिलं. लायसन्सच्या राज्यात गाडी मिळायला वर्षानुवर्षं नंबर लावावा लागायचा, त्यामुळे मिळालेली गाडी टाकून देणं कोणाला परवडणार? गाडी एकदा घरात आली की माणसासारखी वागवायची. आणि मुंबईच्या टॅक्सीवाल्याला तर गाडी एक दिवस उभी राहणं म्हणजे घरात चूल न पेटणं. त्यामुळे झाकण वारंवार उघडलं जायचं. दर वेळी नवीन पॅकिंग मिळेलच असं नाही, मिळालं तर चांगलं असेलच असं नाही. मग तक्ता आणून कापायचं. झाकण तक्त्यावर ठेवायचं, कडेने पेन्सिल फिरवायची, कात्री चालवायची, बोल्टची भोकं पंचाने पाडायची. अशी पॅकिंगं कापणाऱ्या माणसांनी कधी रेखाटनाचा कागद बघितला नसेल, पण त्यांचं काम मापात असायचं.

आणि पॅकिंग चिकटवायला काय? 'शेलॅक'. कुठल्याही जुन्या गॅरेजमध्ये विचारा, अजूनही गॅसकेटच्या चिकट द्रवाला म्हातारे मेस्त्री शेलॅक म्हणतात. हे शेलॅक म्हणजे लाख. आपली झाडावरच्या किड्यांची लाख, बांगड्यांची आणि पत्रांवरच्या मोहरेची. बालगंधर्वांच्या ७८ च्या तबकड्याही हिच्याच. एके काळी जगाला लाख पुरवायचं काम प्रामुख्याने हिंदुस्थानच करायचा, आणि रांचीजवळ नामकुमला १९२४ मध्ये लाखेच्या संशोधनासाठी खास संस्था निघाली. अमेरिकेत परमाटेक्स कंपनीचं 'इंडियन हेड गॅसकेट शेलॅक' नावाचं उत्पादन आहे. बाटलीवर तिथल्या मूळ रहिवाशाचं, पिसांचा मुकुट घातलेलं डोकं. डोकं त्या 'इंडियन'चं, लाख या 'इंडियन'ची!

एवढं सगळं वाचून झाल्यावर एक प्रश्न उरला होता. पॅकिंग नवीन, झाकण सपाट, शेलॅक लावलेलं, तरी काही गाड्या दोन महिन्यांत पुन्हा गळतात. का? याचं उत्तर मला आमच्या गल्लीतल्या मेस्त्रींनी एका वाक्यात दिलं. सत्तरी ओलांडलेले गृहस्थ, आता स्वतः पाना धरत नाहीत, खुर्चीवर बसून पोरांना सांगतात.

"साहेब, तेल आपणहून बाहेर येत नाही. आतली हवा त्याला ढकलते. हवेचा रस्ता बघितलात का?"

या एका वाक्यामागेही मोठा इतिहास आहे. पिस्टनच्या कड्यांमधून थोडा जळका वायू नेहमीच खाली निसटतो. तो बाहेर पडला नाही तर इंजिनाच्या पोटात दाब वाढतो आणि जिथे कमकुवत जागा दिसेल तिथून तो तेल बाहेर ढकलतो. सगळ्यात कमकुवत जागा कुठली? टॅपेट कव्हरचं पॅकिंग. जुन्या इंजिनांत यावर उपाय म्हणजे पोटापासून खाली रस्त्याकडे सोडलेली एक उघडी नळी. गाडी वेगात असली की खालून वाहणारा वारा नळीतून वायू ओढून घ्यायचा. पण सिग्नलला उभ्या गाडीला कुठला वारा? म्हणजे शहरात, ट्रॅफिकमध्ये, नेमका दाब वाढणार आणि पॅकिंग गळणार. शिवाय तो वायू थेट हवेत. १९४० च्या दशकात लॉस एंजेलिसवर धुरकं दाटायला लागलं. कॅलटेकचे आरी हागेन-स्मिट यांनी दाखवून दिलं की त्यामागे मोटारींतून निसटणारे हायड्रोकार्बन वायू आहेत, आणि त्यांतला मोठा हिस्सा या नळीतून येत होता. म्हणून कॅलिफोर्नियाने १९६१ च्या मॉडेलपासून सक्ती केली: हा वायू बाहेर सोडायचा नाही, एका छोट्या व्हॉल्व्हमधून परत इंजिनाच्या तोंडात द्यायचा आणि जाळून टाकायचा. याला पीसीव्ही म्हणतात. १९६३ पर्यंत ही गोष्ट सगळ्या अमेरिकेत पोचली आणि हळूहळू जगभर. धुराचा प्रश्न सोडवताना पॅकिंगवरचा दाबही हलका झाला.

म्हणजे नुसतं पॅकिंग बदलणं हे लक्षणावरचं औषध. आमच्याकडे हपिसात प्रॉडक्शनमध्ये काही पडलं की 'रूट कॉज' काढायला तासभर मीटिंग चालते. मेस्त्रींना खुर्चीतून उठावं लागलं नाही.

आता प्रत्यक्ष काम. कोणाला करायचं असेल तर माझ्या अनुभवातून पायऱ्या सांगतो. गाडी थंड असताना करायचं, सकाळी चहाआधी उत्तम. आधी एअर फिल्टर आणि झाकणाला जोडलेला ब्रीदर पाइप काढा. हा पाइप तोंडाने फुंकून बघा (आधी पुसून, अर्थात). आमच्या पाइपमध्ये काळा चिखल साचून बोटभर जागाही उरली नव्हती. मेस्त्रींचं उत्तर तिथेच मिळालं. रॉकेलमध्ये बुडवून, ब्रशने धुऊन तो मोकळा केला.

मग झाकणाचे नट सैल करून झाकण उचला. चिकटलं असेल तर लाकडी दांड्याने बाजूने हलके टिचक्या मारा, स्क्रूड्रायव्हर घालून उचकटू नका, कडेला कायमचा ओरखडा पडतो. जुनं पॅकिंग खरवडण्याआधी आतल्या तेल परत जायच्या भोकांवर स्वच्छ फडकं ठेवा. बुचाचे कण आत पडले तर तेलाच्या वाटेत अडकतात. मग झाकण उलटं करून काचेवर ठेवा. जिथे नट बसतात तिथे पत्रा आत दबलेला दिसेल, कोणी तरी कधी तरी 'गळतंय ना, मग आवळ' असं केल्याची खूण. लाकडाच्या ठोकळ्यावर ठेवून हातोडीने हळूहळू तो सरळ करा. आवळून गळती थांबवायचा मोह सगळ्यांना होतो आणि त्यानेच झाकण वाकतं, बूच चिरडतं आणि गळती वाढते.

झाकण उघडलंच आहे तर टॅपेट तपासून घ्या. नंतर पॅकिंगची फक्त झाकणाकडची बाजू पातळ चिकटवा, इंजिनाकडची कोरडी ठेवा, म्हणजे पुढच्या वेळी उघडताना ते फाटणार नाही. नट हाताने बसवा, मग छोट्या पान्याने थोडे थोडे, आळीपाळीने. मनगटाचा जोर पुरे, दंडाचा लावू नका. इंजिन चालू करून दहा मिनिटं कडेने बॅटरी मारून बघा. झालं.

एवढ्याशा थेंबासाठी इतका खटाटोप कशाला, असं वाटेल. साधा हिशोब करू. वीस थेंबांचं एक मिलिलिटर. गाडी चालू असताना दर दहा सेकंदांनी एक थेंब, रोज एक तास चालवली तर दिवसाला १८ मिलिलिटर, महिन्याला अर्धा लिटर. छोट्या गाडीच्या पोटात सगळं मिळून तीन-साडेतीन लिटर तेल. चार महिने लक्ष दिलं नाही तर इंजिन खरंच जाईल, आणि सोसायटीतले सल्लागार बरोबर ठरतील. शिवाय हे तेल तापलेल्या एक्झॉस्टवर पडलं तर धूर येतो, आणि वाईट दिवशी आगही लागते. डाग लहान दिसला तरी दुर्लक्ष करण्याचा नाही.

मला मात्र या सगळ्यात दुसरीच गोष्ट टोचत राहिली. आजच्या बऱ्याच गाड्यांची टॅपेट कव्हरं प्लॅस्टिकची आहेत. खाचेत बसणारं रबराचं पॅकिंग वर्षानुवर्षं टिकतं, आणि टॅपेटची फट आपोआप सांभाळणारी योजना असल्याने झाकण उघडायची गरज फारशी पडत नाही. कामगिरी जुन्यापेक्षा निःसंशय चांगली. फक्त काही गाड्यांत पीसीव्हीचा पडदा त्या झाकणातच ओतलेला असतो. तो फाटला तर पडदा मिळत नाही, अख्खं झाकण घ्यावं लागतं. हळूहळू दाराची भिंत होत चालली आहे. ऑगस्ट २०१४ मध्ये भारतीय स्पर्धा आयोगाने चौदा मोटार कंपन्यांना २,५४४ कोटींचा दंड ठोठावला. ठपका असा, की सुटे भाग आणि तपासणीची साधनं बाहेरच्या गॅरेजांना मिळू देत नाहीत. पुढे अपिलं वगैरे झाली. डिसेंबर २०२२ मध्ये केंद्र सरकारने 'दुरुस्तीच्या हक्का'साठी एक पोर्टल सुरू केलं, त्यात वाहनंही आहेत. म्हणजे प्रश्न आहे हे सरकारदरबारी मान्य झालंय.

मुंबईत शेवटची पद्मिनी टॅक्सी २९ ऑक्टोबर २००३ ला ताडदेवच्या आरटीओत नोंदली गेली होती. टॅक्सीला वीस वर्षांची मर्यादा, त्यामुळे ऑक्टोबर २०२३ अखेर ती काळी-पिवळी रस्त्यावरून उतरली. तेव्हा सगळ्यांनी फोटो टाकले, हळहळ व्यक्त केली. मीही केली. पण त्या गाडीबरोबर एक मोठी शाळाही बंद झाली, तिच्याबद्दल फार कोणी लिहिलं नाही. झाकण उघडून, कात्रीने पॅकिंग कापून, फट मोजून शिकलेल्या माणसांची शाळा. पदवी नाही, सर्टिफिकेट नाही, पण "हवेचा रस्ता बघितलात का?" हा प्रश्न विचारता येणारी माणसं तिथे तयार झाली. त्यांच्या हाताखालची पोरं आता लॅपटॉप जोडून एरर कोड वाचतात, तेही कसब आहेच. फक्त कोड सांगतो ते झाकण बदलायला, आणि बदललेलं झाकण कचऱ्यात जातं.

आमच्या गाडीची नोंदणी पाच वर्षांसाठी वाढवून मिळाली आहे. ती कायम चालेल असा काही भ्रम नाही, आणि सगळ्यांनी जुन्या गाड्या चालवाव्यात असंही म्हणणं नाही. धुराच्या बाबतीत नवीन गाड्या कित्येक पटींनी चांगल्या आहेत. पण घरात जे काही यंत्र असेल, गाडी, मिक्सर, पंखा, त्याचं एक तरी झाकण आपल्या हाताने उघडून बघा. आत काय आहे हे कळलं की सल्ल्यांची भीती कमी होते.

असो. पार्किंगमधला डाग रॉकेल आणि लाकडाच्या भुशाने निघतो, आधी भुसा टाकून तेल शोषू द्यायचं, मग घासायचं. नाना पेठेतून येताना मी एकाऐवजी दोन पॅकिंगं आणली आहेत. दुसरं वर्तमानपत्रात गुंडाळून माळ्यावर सपाट ठेवलंय. बूच वाळलं की चिरतं, त्यामुळे बसवायच्या आधी ते रात्रभर ओलसर फडक्यात ठेवावं लागेल. हेही मेस्त्रींनीच सांगितलं.